पाटीखालचं पीठ

माझं नाव मंगल, माहेर वणीकडचं, दिलेली इकडं ओझरजवळ, आन निम्मं आयुष्य द्राक्षाच्या पॅकहाऊसला घड कातरण्यात गेलं. पोरगी सिन्नरला दिली, मग घरात तिघंच, मी, हे आन आत्याबाई, म्हणजे माझी सासू. हे गेले माघात. काय सांगू तुम्हाला ताई, सकाळी म्हणत होते छातीत जळजळतंय, आन मी कामाच्या घाईत, म्हणले पित्त असंन, पडा जरा, आन गेले की मी गाडीत बसून. दुपारी फोन आला.

आमच्यात जीव जातो तिथं दहा दिवस दिवा ठेवतात, आन दहाव्याच्या सांजेला ताटात पीठ चाळून वर पाटी पालथी घालतात. सकाळी बघायचं कशाचं पाऊल उठलंय, पाखराचं का गाईचं का माणसाचं, तो पुढचा जल्म. काहीच नाय उठलं तर जीव अडकलाय म्हणतात. आत्याबाई दहा दिवस नुसत्या चहावर. म्हणायची, पाऊल बघितल्याबिगर घास उतरायचा नाय. उठताना भिंत धरायची, मला एकच धाक, ही बी जाती आता.

उजाडायच्या आत मी पाटी उचलली. पीठ जसंच्या तसं, साधी रेघ नाय. म्हणले हे माझ्यावर रागावलेत, माझ्यापायीच अडकलेत. तेवढ्यात आत आत्याबाई खोकलली, आन मला काय सुचलं देव जाणे, बोटानं पिठात चिमणीची पावलं काढली, दोन, तीन-तीन रेघांची, आन पाटी झाकली. ती आली, पाटी उचलली, वाकून लय येळ बघत बसली. मग म्हणली, पाखरू झाला गं माझा बाळू, वाढ मला. अर्धी भाकर खाल्ली.

पण माझं काय? देवाच्या कामात खोटं केलं, ताई. चार महिने जीव थाऱ्यावर नाय, दार वाजलं तरी दचकायची, कोणाला सांगायची सोय नाय. परवा अंगणात तांदूळ टाकता टाकता आत्याबाई म्हणली, मंगल, चिमणीला मागं बी एक बोट असतं. पाय धरले तिचे, म्हणले चुकले. तर म्हणती, मला तवाच दिसलं व्हतं, पण दहा दिवस तू बी जेवली नव्हतीस, मी खाल्ल्याबिगर तू खाणार नव्हतीस, म्हणून म्हणले वाढ.

आता दोघी एका ताटात जेवतो. हे सुटले का नाय, कोणाला इचारू. बसा, दोन घास खाऊनच जा, उपाशी नका जाऊ आमच्या दारातून.