कौल चाटून घ्यायचं

…न्हाय, पत्रा मी दाखवणार न्हाय पावणं, मागं ढीग पडलाय तो आमच्या शांतादेवीनं आणलाय, बायको हाय, दुकान तिचं बी हाय, तिलाच विचारा — कौलाच्या आकाराचा पत्रा, वर लाल रंग — म्हशीला पावडर लावली की गाय झाली व्हय? सिमेंटचं कौल बी हाय, पर त्याच्या वजनानं वासं वाकत्यात. हे मातीचं कौल घ्या हातात — वाजवून काय बघताय? वाजवून भांडी घेत्यात. कौल चाटून घ्यायचं. हसताय कशाला? लाज वाटत असंल तर मी चाटतो — हां. जीभ सरकली का न्हाय? म्हंजे पक्कं भाजलंय, पाणी पिणार न्हाय. कच्चं असलं की जिभेला धरून ठेवतंय. कुणाला बी विचारा, शिवय्याची जीभ म्हंजे जीभ.

त्या जिभेनंच घात केला की. म्हंजे — सांगू नये, पर तुमी गिऱ्हाईक, परत कुठं भेटणार — आमच्या शिवकुमारला पोरगी बघायला निपाणीला गेलतो. पोरगं कागलच्या एमआयडीसीत हाय, गुणाचं हाय, बापावर गेलं न्हाय. पोरगी सुष्मिता — तिला बघितली आन् गडी पोह्याचा चमचा कानाकडं न्यायला लागला. सगळं जुळत आलतं, पर माझं ध्यान वर. आख्ख्या घरावर नवी कौलं, उरलेली परसात रचलेली. हात धुवून येतो म्हटलं, एक उचललं आन् चाटलं. चाटताना डोळं मिटावं लागत्यात, त्याबिगार नीट कळत न्हाय — उघडलं तर समोर पोरीची आत्या. ती आत हाळी मारून म्हणती, "वैनी, व्याह्यास्नी डोहाळं लागल्यात, माती खायला लागल्यात."

तवापास्नं निरोप न्हाय. शांतादेवी तवा आली नव्हती, तिला मी सांगितलंय, पत्रिका जुळंना. पोरगं धड जेवत न्हाय, आन् मला ते बघवत न्हाय. बरं, एवढं होऊन कौल तरी कसलं — जीभ अशी चिकटली, बोटानं सोडवली. पार कच्चं. पावसाळ्यात ती मंडळी छत्री घेऊन जेवायला बसणार बगा. कुठल्या शाण्यानं निवडली कौलं, कुणास ठाऊक.

काय? तुमी? सुष्मिताचं मामा — त्या दिवशी नव्हता तुमी. चौकशीला आलाय व्हय, गिऱ्हाईक होऊन. न्हाय, राग कसला, थोरलीच्या वक्ताला मी बी जावयाच्या गल्लीत भंगारवाला होऊन हिंडलोय. बसा की. च्या सांगतो.

पोरगं पसंत हाय म्हंता? समद्यास्नी? मग अडलंय कुठं? — हां. व्याह्यांनी चाटलं, मग कौल कसं निघालं, असं घरात रोज विचारत्यात, आन् कौलं तुमी निवडलेली. मी पक्कं हाय म्हणालो, एवढंच तुमी घरात सांगणार. मी नुसतं व्हय म्हणायचं, सुपारी फोडायची. एवढंच? शिवकुमारसाठी ही जीभ कापून देतो की, मामा. कौल… तसं बघितलं तर… रंगाला…

न्हाय जमत. टोपी तुमच्या पायावर ठेवतो, पोरगी सोनं हाय. पर कौल कच्चं हाय. जावा, तसंच सांगा घरात.