पेटंट भडगावच्या बन्सीलालचं

धरणगावहून जळगावला जाणाऱ्या एसटीत माझ्या पुढच्या बाकावर एक नवरा-बायको बसले होते. मुलीची सोयरीक पक्की करायला निघाले होते.

“मुलाकडच्यांनी नेटवर माझं नाव टाकून पाहिलं, कुंदा. कापूस वेचायच्या यंत्राचं पेटंट सापडलं म्हणे, बन्सीलाल पुना महाजन या नावावर.”

“अगं बाई! आणि घरातला पंखा तीन वर्षं बंद!”

“चेष्टा नको. पेटंटवाला भडगावचा आहे. त्याच्या बापाचं नावही पुनाच.”

“मग तसं सांगितलंत ना?”

“व्याही फोनवर ‘संशोधक साहेब’ म्हणाले. मी नुसतं ‘हं’ म्हणालो.”

“हं?”

“बरं वाटलं गं. मला जन्मात कोणी साहेब म्हटलं नव्हतं.”

“अहो साहेब, उद्या आपल्या दीपमालाला सासरी कोणी म्हणालं, बापाचं यंत्र दाखव, तर ती काय दाखवेल? पंखा?”

“मोडेल का गं सोयरीक?”

“मोडली तर मोडली. बठ्ठं, अगदी सगळं खरं सांगून टाका.”

त्यांनी तिथूनच व्याह्यांना फोन लावला आणि अहिराणीत बोलले.

“नाना, रामराम. नाव मन्हंच शे, पन ते पेटंट मन्हं नही. भडगावले दुसरा बन्सीलाल शे, ते त्यानं शे. परवा मी हं म्हणलो, चुकलो. आता काय ते तुम्ही ठरवा.”

पलीकडचं ऐकून त्यांनी फोन खाली घेतला.

“काय म्हणाले?”

“या तुम्ही, म्हणाले. जेवायला वरण-बट्टी करू की शेवभाजी, विचारत होते.”

“मग सांगायचं ना!”

“तूच सांग गं,” म्हणत त्यांनी पुन्हा नंबर लावून फोन तिच्या हातात दिला.