पान एकशे बारा, ओढा निरंक

(पुण्यातली एक पर्यावरण संशोधन संस्था. अहवाल विभागातल्या पद्मजाबाईंच्या टेबलावर दत्तोबांनी पाण्याचा कॅन ठेवला आहे.)

दत्तोबा: मंग ह्यात हे काय पोहतंय? माझं तोंड?

पद्मजा: अहो, कॅन उचला आधी. खाली अहवालाच्या प्रती आहेत.

दत्तोबा: मासं हायत बाई! आज सकाळी वढ्यातनं धरल्यात. आन् तुमच्या पुस्तकात काय छापलंय? आमचा वढाच न्हाय!

पद्मजा: 'नाही' असं छापलेलं नाही. पान एकशे बारा, 'प्रवाह: निरंक' असं छापलंय.

दत्तोबा: मंजी?

पद्मजा: म्हणजे नाही.

दत्तोबा: बघा! त्यो हिंमतराव बिल्डर तेच पान घिऊन गावभर फिरतोय. म्हणतो, अहवालात वढा न्हाय, मंग बुजवला तर बिघडलं कुठं? सोमवारी राडारोड्याचे ट्रक येत्यात. पावसाळ्यात पाणी जाणार कुठं? माझ्या घरात! गोठ्यात चार म्हशी हायत माझ्या.

पद्मजा: हे पाहा, अहवाल मी लिहीत नाही, जुळवते. फॉर्मवर रकाना कोरा आला की निरंक लिहायचं. एकवीस वर्षं हीच पद्धत आहे.

दत्तोबा: पन कोरा आला कसा? कोन शाना आलावता बघायला?

पद्मजा: उत्कर्षा, जरा इकडे या. कात्रजच्या पलीकडचा सर्व्हे तुमचाच ना?

उत्कर्षा: हो मॅडम. अगं बाई! आजोबा, तुम्ही?

दत्तोबा: ही पोरगी वळखीची वाटतीय.

उत्कर्षा: वाटणारच! मागच्या मार्चमध्ये काठी घेऊन माझ्या मागे धावला होतात. मी ओढ्यावर नुसती टेप काढली होती. थेट हायवेपर्यंत पळाले. एक चप्पल अजून तिकडेच आहे.

दत्तोबा: आता गं बया! ती तू व्हय? अगं, टेप घिऊन जो आला त्यानं आमची जमीनच नेली. रस्त्याला चार गुंठं, टाकीला दोन. मला वाटलं, हिंमतरावाचंच मानूस.

उत्कर्षा: मॅडम, मी रिमार्क टाकला होता ना, 'स्थानिकांचा विरोध' म्हणून!

पद्मजा: टाकलात. त्या रकान्यात आकडा बसतो. विरोध बसत नाही.

दत्तोबा: मंजी हिंमतरावाच्या हातात ते पान म्याच दिलं म्हना की. आता घरी बायकोला, मैनाला, कुठल्या तोंडानं सांगू? साठ वर्षं काढली त्या वढ्याकाठी. पाया पडतो बाई, काय तरी करा.

पद्मजा: पाया पडू नका, त्यालाही रकाना नाही. शुद्धिपत्र काढता येतं. भरलेला फॉर्म आज पाचच्या आत माझ्या टेबलावर आला, तर उद्या सही-शिक्क्यानिशी निघेल. ते दाखवा तुमच्या हिंमतरावांना.

दत्तोबा: मंग लिवा की! खोली गुडघाभर, रुंदी अकरा पावलं. मासं तर समोरच हायत.

पद्मजा: कॅनमधला ओढा आम्ही धरत नाही. जागेवर जाऊन मोजावा लागतो. साडेबारा वाजलेत.

उत्कर्षा: मी जाते मॅडम. स्कूटी आहे. म्हणजे, सॉरी आजोबा, पण या वेळी गॅरंटी काय?

पद्मजा: बूट घालून जा.

दत्तोबा: चुकलं पोरी माझं. खरंच चुकलं. चल, मैना पिठलं-भाकरी करंल. तुझी चप्पल बी हाय, तिनं धुऊन ठिवलीय. म्हनत व्हती, कुना लेकीबाळीची असंल, येईल कधी तरी न्यायला.

उत्कर्षा: आणि पिठल्यात कांदा जास्त हं! पण आजोबा, मध्यभागी खोली मोजायला टेप वाकते. काहीतरी लांब, सरळ लागेल.

दत्तोबा: काठी हाय की. ह्या बारीला तू धर.