आमचे हे शुद्धीवर येतात

…नाही, पण मला सांगा, नवरा रोज सकाळी दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून कामाला जातो आणि तिथे जाऊन दिवसभर झोपतो, आणि तेच त्याचं काम आहे, हे शेजारणीला कोणत्या तोंडाने सांगायचं? आता यावर माणसाने बोलायचं तरी काय!

तुम्हाला सांगते, आमचे हे नट. तुमच्या डोळ्यांपुढून कितीदा तरी गेले असतील, लक्षात राहिले नसतील एवढंच. नायक कोर्टात ओरडतो ना, त्याच्यामागे फाइल धरून बसलेला वकील… हे! हवालदार, शिपाई, बसमध्ये पेंगणारा माणूस… सगळे हेच! रस्त्यात लोक थांबवतात, "तुम्ही आमच्या बँकेत होता ना?" आणि हे भिडेखातर हो म्हणतात!

तर एकदा मालिकेतून फोन. नायिकेचे वडील! सासूबाईंनी तर फोनलाच नमस्कार केला. नव्वदीला टेकलेल्या, एकच ध्यास, "याला एकदा धड चार वाक्यं बोलताना ऐकू दे." पहिला भाग लागला. हे जिन्यावर उभे, म्हणाले, "मुली, तुला एक गुपित सांगायचंय—" आणि धाडकन खाली! थेट कोमात!

झालं. तेव्हापासून हे आडवे. नाकात नळी, अंगावर चादर. आणि वर तो दिग्दर्शक, मुलाच्या वयाचा, ओरडतो, "काका, श्वास फार घेताय!" बोलायचं तरी काय!

घरी सासूबाई रोज टीव्हीसमोर. "उठतोय का गं आज?" हे शेजारीच चहा पीत बसलेले, म्हणतात, "आई, मी इथे आहे." तर त्या म्हणतात, "तू गप्प रे, मध्ये मध्ये करू नकोस, तो हलला बघ!"

शेवटी यांनी धीर केला, लेखकाला गाठलं. "जरा शुद्धीवर आणा हो मला. आई थकलीय." लेखकाने हातच जोडले. "काका, तुम्ही उठलात की गुपित फुटणार, गुपित फुटलं की मालिका बंद! एवढ्या सगळ्यांची घरं तुमच्या झोपेवर चालतात!" बघा म्हणजे! आयुष्यभर कुणी विचारलं नाही, आणि आता सगळं युनिट यांच्या पापण्यांवर डोळा ठेवून! मेकअपवाल्या बाई तर चादर सारखी करताना कानात पुटपुटतात, "काका, तेवढं पोरीचं कॉलेज होऊ दे हं…" आणि यांचा स्वभाव हा असला. शिंक आली तरी गिळतात! बोलायचं तरी काय!

पण मालिकाच घसरली. वरून फर्मान सुटलं, आटपा आता, उठवा म्हाताऱ्याला! पानभर संवाद मिळाला! हे उठता-बसता तेच घोकतायत. शूटिंगला म्हणे असे बोलले, असे बोलले, की काम जाणार हे ठाऊक असूनही त्या मेकअपवाल्या बाई डोळे पुसत होत्या.

तो भाग लागला. सासूबाईंची खुर्ची अगदी टीव्हीला चिकटवून. यांनी डोळे उघडले! ओठ हलले! आणि… ढॅण्ण! संगीत! नायिकेचा चेहरा, काकूचा चेहरा, नर्सचा चेहरा, पुन्हा ढॅण्ण! यांचे ओठ आपले हलतायत, पण एक शब्द ऐकू येईल तर शपथ!

"काय म्हणाला गं?" सासूबाई रडवेल्या. मी यांच्याकडे बघितलं. हे उठले, टीव्हीचा आवाज बंद केला, आईच्या पायाशी बसले आणि ते अख्खं पान म्हणून दाखवलं. अहो, इतक्या वर्षांचा संसार, पण हा आवाज मी कधी ऐकलाच नव्हता…

सासूबाईंनी यांच्या गालावरून हात फिरवला. "एवढं सुरेख येतं तुला… मग तिथे का नाही रे बोललास?"

हे म्हणाले, "चुकलंच, आई. पुढच्या वेळी बोलतो."

पुढच्या वेळी! मी आपली मुकाट्याने सासूबाईंच्या आणि टीव्हीच्या मध्ये जाऊन उभी राहिले. मागे तो मुका टीव्ही चालूच होता ना… आणि त्यात डॉक्टरने यांच्या तोंडावर चादर ओढली होती.