तार आलीय

लहानपणी पडद्यावर एवढं खरं कसं रडायचास, असं विचारतोस ना? मग ऐक. साताऱ्याजवळ माझ्या पहिल्याच पिक्चरचं शूटिंग चाललेलं. मी सात वर्षांचा आणि काही केल्या रडेना. वडील तेव्हा फौजेत, पार सीमेवर. शेवटी डायरेक्टरनं कॅमेरा चालू केला आणि मला म्हणाला, "बाळ, तार आलीय. तुझे वडील गेले."

मी असा हंबरडा फोडला की सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. "खोटं होतं रे, वेड्या!" म्हणत त्यानं मला लिमलेटची गोळी दिली.

पण मागं माझा डबा घेऊन आई उभी होती. तिच्या कानावर फक्त तार पडलेली. तिनं दगडावर हात आपटून बांगड्या फोडल्या, कुंकू पुसलं. बायका तिला धरायला धावल्या, आणि हा माणूस कॅमेरामनला विचारतो, "घेतलंस का?"

घेतलं होतं, गड्या!

वडिलांना कुणीच काही कळवलं नाही. ते सुट्टीवर आले आणि आम्ही तिघं थेटरात गेलो. पडद्यावर आई बांगड्या फोडताना दिसली, तसे वडील ताडकन उभे राहिले.

"आगं," ते भर थेटरात ओरडले, "मी मेलो कवा?"