चंपाआत्याची साक्ष

...आता तुम्हीच सांगा, एक्क्याण्णव वर्षांच्या बाईला 'थांब' म्हणायचं कोणत्या तोंडानं? मी कमी बोलणारा माणूस, चार शब्दांना दोन दिवस लावतो, पण या कोर्टानं माझी जीभ सोडवली बघा! बिडकीनला आमच्या घराकडं जायला एकच बोळ. त्याला चुलतभावानं, बुद्धभूषणनं, लोखंडी फाटक लावून कुलूप घातलं. तेव्हापासून मी माझ्याच घरात मागच्या भिंतीवरून शिडीनं उतरतो... अडुसष्टाव्या वर्षी! बोळ दोघांचा, हे सांगणारं जिवंत माणूस एकच, आमची चंपाआत्या. तिथल्या फरश्या तिनं स्वतःच्या डोक्यावरून वाहिल्यात.

म्हणून आमच्या वकील पद्मजाताईंनी अर्ज दिला, की म्हातारीची साक्ष आधी घ्या, घरी येऊन घ्या. नामंजूर! पाळी आली की बघू! मी म्हणालो, "ताई, मग वरच्या कोर्टात अपील करा की." ताई चष्मा पुसत म्हणाल्या, "काका, हा मधला हुकूम. असल्या हुकमावर वेगळं अपील नसतं. आधी निकाल लागू द्या. विरोधात गेला, तर त्या अपिलात हेही मांडू." बरं, तोवर आत्या कुठं असंल, ते कुणी मांडायचं?

"हायकोर्ट तर इथं शहरातच आहे ना, ताई?" "आहे, रिट करता येतं. पण मधल्या हुकमात ते क्वचितच हात घालतात, आणि तेवढ्यात इथली केसच थांबली तर?" म्हणजे घाई केली की उशीर! आधी निकाल लागू द्या!

मग मला सुचलं, आत्यालाच उचलून न्यावं. उस्मानपुऱ्यातून, तिच्या लेकीच्या घरून, रिक्षा केली. रिक्षावाला सारखा, "चचा, दादी को पकडो!" कोर्टाचा जिना बघून मी तिच्या खुर्चीला हात घातला, तर दुसऱ्या बाजूला कोण? बुद्धभूषण! "जय भीम. सरक, तुझी कंबर जाईल." अरे, मग कुलूप काढ की! ते नाय. पण त्याचीही आत्याच ना ती! वादी एका अंगाला, प्रतिवादी दुसऱ्या, मधी साक्षीदार चिवडा खात बसलेली, "हळू रे मुडद्यांनो, सांडतोय!" वर पोचलो तर शिपाई म्हणतो, "आजी, आज तुमची पाळी नाय." झालं! तीच खुर्ची, तेच दोघं, पुन्हा खाली!

तेव्हापासून मी रोज उस्मानपुऱ्यात. आत्या, गोळी घेतली का? आत्या, ओल्या फरशीवर चालू नको. आणि म्हातारीला लई भाव चढला, तुम्हाला सांगतो! डोळ्याचं ऑपरेशन करू? "आधी निकाल लागू दे." कारल्याची भाजी? "मला निकालापर्यंत जगायचंय, मटण आण." गाल वर आले तिचे! माझं मात्र बीपी वाढलं, झोप उडाली, परवा शिडीवरून पाय सटकला...

काल तिनं माझा हात हातात घेतला. बराच वेळ चोळत राहिली. मग म्हणाली, "कडुबा, माझं सोड. तू राहशील ना रं निकालापर्यंत?"

मी म्हणालो, "आत्या... आधी निकाल लागू दे."