मागे राहिलेली माकडीण

कट्टा गावच्या थांब्यावर कुडाळची गाडी अजून आली नव्हती. रोशेलच्या शेजारी बाकावर इनास आणि इझाबेल हे म्हातारं जोडपं येऊन बसलं. रोशेल मोबाइल बघत होती, पण तिचे कान तिकडेच लागले.

"वनखात्यात जावन काय सांगतलास?" इझाबेलने नवऱ्याला विचारलं.

"तुका कित्याक व्हया?"

"मागे ऱ्हवलेली ती एकटी माकडीण पण पकडून न्हेवा म्हणान सांगतलास. दुसरा काय!"

"माडार नारळ ऱ्हवाक देय नाय होती ती माकडा. पिंजरो मागवा, असा तूच म्हटलंस मा?"

"म्हटलंय. पण सगळी न्हेतले असा खंय वाटला होता? तिचा पिल्लू पण न्हेला. रोज कौलार बसान हाको मारता."

"माका काय आयकाक येणा नाय?"

"आणि राईत बघितलास? औंदा रातांब्याचा एक रोप रुजाक नाय, जांभळाचा नाय. फळा खावन बियो टाकूक कोण ऱ्हवला हा?"

"म्हणानच चललंय. सायबाक मराठीत सांगूक व्हया. बरोबर आसा काय आयक."

"सांगा."

"साहेब, वाढू नयेत म्हणून पाहिजे तर नसबंदी करा, पण थोडी तरी आणून सोडा. आमची माकडं आम्हाला परत द्या."

"आमची?"

"गप गो. गाडी इली बघ."

इझाबेलने त्याच्या शर्टाचं वरचं बटण लावलं.

"तसाच सांगा," ती म्हणाली. "आमचीच म्हणा."